आधी शेवटची बांधी

आमच्या घरात केंद्र सरकार राहते. हसू नका, खरं सांगून राहिली. माझे सासरे केशवराव गजभिये जवाहरनगरच्या सरकारी दारूगोळ्याच्या फॅक्टरीतून रिटायर झाले, त्याले आता बरेच वर्षं झाले, पण त्यायच्या डोक्यातला भोंगा अजून वाजते. चहा ठरल्या वेळेले, जेवण ठरल्या वेळेले, अन गॅसचं सिलिंडर बदलायचं असलं तरी त्यायची मंजुरी पाहिजे. माझ्या सासूबाई सुमनबाई, त्यायले मी आत्याबाई म्हणते, त्या म्हणजे राज्य सरकार. सगळा कारभार त्यायच्या अंगावर, पण निर्णय वरून. माझे मिस्टर नागपूरले कंपनीत, रविवारी पाहुण्यासारखे येतात. अन मी दामिनी, घरातली ग्रामपंचायत. म्हणजे झाडणं, पुसणं, पाणी भरणं माझ्याकडं, अन अधिकार कोणाकडं ते विचारूच नका.

गंमत अशी का मी खरोखरची सरपंच आहे. मोहाडी तालुक्यातलं आमचं चिचटोला, तिथं माझा शिक्का चालते. सकाळी मी गावाच्या नालीसाठी तालुक्यातल्या साहेबासंगं भांडते अन संध्याकाळी घरी येऊन सासऱ्याले विचारते, "मामाजी, आज वरण करू का भाजी?"

आता तलावाचं सांगते, कारण गोष्ट तलावाचीच आहे. आमचा तलाव जुना, मालगुजारीच्या काळातला. त्याले मालक किती? पाणी जिल्हा परिषदेचं. मासोळ्या ढिवरायच्या सोसायटीच्या. काठावरचे मोहाचे झाडं कोणाचे, याचा निकाल अजून लागायचा आहे. मागच्या उन्हाळ्यात तलावाची दुरुस्ती झाली, ते पैसे दिल्लीचे, टेंडर नागपूरचं, देखरेख भंडाऱ्याच्या एका ऑफिसची. मग गावाचं काय, तर गाळ. तो उचलून न्या म्हणून आम्हाले मात्र वेळेवर पत्र आलं होतं.

पण पाणी सोडायची रीत गावाची. ती कोणी कागदावर लिहून दिली नाही अन कोणी मोडलीही नाही. तुडूम, म्हणजे तलावाच्या पाळीतलं, मातीच्या बांधातलं, पाणी सोडायचं तोंड, ते उघडलं का पाणी पाटानं सरळ खाली जाते, पार शेवटच्या बांधीत, म्हणजे धानाच्या बांध घातलेल्या तुकड्यात. ती भरली का तिच्या वरची, मग तिच्या वरची, असं चढत चढत तुडुमाजवळच्या बांधीचा नंबर सगळ्यात मागून. नवा माणूस म्हणते, हे उलटं काहून? अरे बाबा, तुडुमाजवळच्याची बांधी पहिले भरली तर तो घरी जाऊन ताणून देईल. पाट कुठं फुटला, मधात कोणी पाणी वळवलं, त्याले काय घेणं? त्याचा नंबर शेवटी असला का तोच दिवसभर पाट राखते. मले तर वाटते ही रीत कोण्या बाईनं पाडली असावी. जी सगळ्यात मागून जेवते तिलेच ठाऊक असते, भात सगळ्यायले पुरला का नाही.

तर सगळ्यात वरची बांधी आमची, अन सगळ्यात खालची वच्छला भोयरची. ही वच्छला म्हणजे मागच्या निवडणुकीत माझ्याविरुद्ध उभी होती ती. नवरा सुरतेले कामाले, शेती हिच्या एकटीच्या जिवावर, अन तोंड असं का कावळाही तिच्या घरावर बसायच्या आधी विचार करते. थोड्या मतानं पडली. तेव्हापासून रस्त्यात भेटली का मले "सरपंचीनबाई" म्हणते, अन ते 'बाई' असं ओढते का माझ्या अंगाचा तिळपापड होते.

दुरुस्तीत तुडुमाचा जुना लाकडी बुच्चा गेला अन लोखंडी गेट आलं. त्याले एक हँडल, जुन्या ट्रॅक्टरले फिरवायचं असायचं ना, तसं. ते घातलं अन फिरवलं तर गेट उचलते, नाही तर हत्ती लावला तरी हलणार नाही. उद्घाटनाले भंडाऱ्याचे इंजिनिअर टेंभरे साहेब येणार होते. सत्काराचा कार्यक्रम कोणी आखला? मामाजीनं. "फॅक्टरीत मोठा साहेब आला का आम्ही असं करत होतो, तसं करत होतो," असं चार दिवस चाललं. शेवटी ठरलं का शाल, नारळ, अन ताटात लाल फीत बांधून ते हँडल. साहेबाच्या हातात द्यायचं, फोटो काढायचा.

दिलं. फोटो निघाला. टाळ्या पडल्या. टेंभरे साहेब इतके खूश झाले का त्यायनं ते हँडल छातीशी धरलं अन भाषण संपल्यावर शालीत गुंडाळून गाडीत ठेवलं. गाडी धूळ उडवत गेली. गाव पाहात राहिलं.

मी आत्याबाईच्या कानात म्हटलं, "आत्याबाई, ते हँडल?"

"गप वो," त्या म्हणाल्या. "सत्कारात दिलेली वस्तू का कोणी वापस मागते?"

हीच तर गोष्ट. आमच्या गावात उसनी साखर वापस मागतील, शेजाऱ्याकडं गेलेली कोंबडी वापस मागतील, पण ओटीत घातलेली अन सत्कारात दिलेली वस्तू कोणी मागणार नाही. जीव गेला तरी नाही. सगळे म्हणाले, मागू कधीतरी. पावसाळा चांगला लागला, तलाव काठोकाठ भरला, अन हँडल सगळे विसरून गेले.

मग पोळा झाला, गणपती गेले, अन पाऊसही त्यायच्या मागं मागं निघून गेला. धान निसवायले आला होता. लोंब्या बाहेर पडायचा वेळ, या दिवसात बांधीत पाणी पाहिजेच पाहिजे, नाही तर दाणा भरत नाही, नुसता कोंडा हातात येते. वरच्या बांध्या तलावाच्या पाझरानं जराशा ओल्या तरी होत्या. खालच्याले भेगा पडायले लागल्या होत्या.

त्यातच भंडाऱ्याच्या ऑफिसातून पाण्याचं पाळीपत्रक आलं. ते नवीनच होतं. आता तलाव योजनेत गेला ना, मग कोणाले कधी पाणी ते वरून ठरणार. त्यात पहिला नंबर केशवराव गजभिये, चिचटोला. शेवटचा नंबर वच्छला भोयर. तिची पाळी येईपर्यंत तिच्या धानात काय राहणार होतं? मी ते पंचायतीच्या भिंतीवर लावलं अन घरी पोचते न पोचते तर वच्छला अंगणात हजर.

"वा वो सरपंचीनबाई! निवडणुकीत हरली म्हणून माह्या धानाले पाणी तोडतेस का? अन पहिला नंबर कोणाचा, तं सासऱ्याचा!"

"मी तोडलं नाही," मी म्हटलं. "वरून आलं ते."

"वरून तं पाऊस येते, तोही येऊन नाही राहिला. अन लोकं काय म्हणून राहिले ते ऐक जरा. सरपंचीनच्या घरी पहिले पाणी, अशी कशी आली ऑर्डर, असं म्हणून राहिले."

नाकाले मिरच्या झोंबल्या माझ्या. मी काय त्या साहेबाच्या कानात सांगायले गेली होती? पण तिचं खोटं नव्हतं. लोकं तसंच म्हणत होते. अन तिच्या डोळ्यात पाणी तरारलं होतं, तेही मी पाहिलं. वच्छलाच्या डोळ्यात पाणी मी कधी पाहिलं नव्हतं, निवडणूक हरली तेव्हाही नाही.

"तीन बांध्या आहेत माह्या," ती म्हणाली. आवाज एकदम उतरला होता. "दुसरं काही नाही माह्याजवळ."

मामाजी ओसरीवर पेपर वाचत होते. पेपरातूनच बोलले. "ऑर्डर म्हणजे ऑर्डर. मी मागायले गेलो नव्हतो. पण आली तर मोडायची नाही."

"पण मामाजी, गावाची रीत..."

"रीत!" त्यायनं पेपर खाली ठेवला. "दामिनी, मी जिथं काम केलं तिथं कोणी आपलं डोकं चालवलं असतं तर त्याच्यासंगं आणखी दहा जणाचं डोकं गेलं असतं. वरून आलं ते करायचं. म्हणून तर आज मी तुह्यासमोर बसून आहो."

माणूस खोटा नव्हता. आयुष्यभर ज्यानं जीव वाचवला तेच ते सांगत होते. पण वच्छलाचा धान काही बारूद नव्हता. मी रागानं आत गेली अन भांडे आपटले. आमच्या घरात ग्रामपंचायतीले तेवढाच अधिकार.

आत्याबाई मागं मागं आल्या. "भांडे फुटतील. पहिले ते हँडल आण. हँडलच नाही तं कोणाचं पाणी अन कोणाची पाळी?"

"मोहाडीच्या लोहाराकडून दुसरं बनवू का?"

"सरकारी गेटले खाजगी हँडल?" ओसरीवरून आवाज आला. कान कसे तीक्ष्ण या माणसाचे!

"जाऊन आण," आत्याबाई हळूच म्हणाल्या. "पण रिकाम्या हातानं मागू नको. दुसरा सत्कार कर त्याचा."

त्यायनं पेटीतून कोऱ्या शालीची घडी काढली. मामाजीच्या रिटायरमेंटले आलेल्या अशा शाली पेटीभर होत्या. केंद्र सरकारच्या खजिन्यातून राज्य सरकारनं परस्पर निधी वळवला, असं समजा.

दुसऱ्या दिवशी मी वच्छलाले म्हटलं, "चाल माझ्यासंगं भंडाऱ्याले. तुह्या तोंडाचा आज गावाले उपयोग होऊ दे." ती आली. एसटीत आम्ही दोघी एका सीटवर, पण तोंडं दोन खिडक्यायकडं. अर्ध्या रस्त्यात तिनं पदरातून फुटाणे काढले अन न पाहताच माझ्यापुढं धरले. मीही न पाहताच घेतले.

टेंभरे साहेब मानसन्मानानं भेटले. चहा मागवला. मागच्या काचेच्या कपाटात ढाली, गणपतीची मूर्ती, अन मधोमध आमचं हँडल, लाल फीत अजून तशीच. मी वच्छलाकडं पाहिलं, वच्छलानं माझ्याकडं. बोल ना, मी डोळ्यानं म्हटलं. तूच बोल, सरपंच तू, तिनं डोळ्यानं म्हटलं. गावात चारचौघात कोणाचाही बाप काढणारी ही बाई, अन तिथं बशीतला चहा फुंकत बसली! आम्ही पावसापाण्याचं बोललो. साहेबाच्या पोरीच्या बारावीचं बोललो. चहा संपला.

शेवटी मी उठली, नारळ काढला, शाल साहेबाच्या खांद्यावर टाकली. दोन क्लार्क टाळ्या वाजवायले लागले.

"अरे, हे कशासाठी?" साहेब म्हणाले.

"साहेब," मी म्हटलं. "ही नवी शाल घ्या. अन... तुमची हरकत नसली तर... ते हँडल..."

"ते स्मृतिचिन्ह? त्याचं काय?"

"स्मृतिचिन्ह कायचं साहेब," वच्छलाच्यानं राहवलं नाही. "तेच तं हँडल हाये गेटचं! ते नाही म्हणून गाव हात बांधून बसलं हाये!"

साहेबानं कपाटाकडं पाहिलं, आमच्याकडं पाहिलं, अन कपाळावर हात मारला. "अहो बाई! मला वाटलं असं एक खास बनवून घेतलं असेल. खरं गावातच असेल. तुम्ही सांगितलं का नाही?"

"सत्कारात दिलेलं कसं मागायचं साहेब?" मी म्हटलं.

ते इतके हसले का डोळे पुसायले लागले. मग आम्हीही हसलो. वच्छला तर पदर तोंडात कोंबून हसली. साहेबानं स्वतः काच सरकवून हँडल काढलं अन माझ्या हातात दिलं. म्हटलं, आता बेडा पार. पण पाळीपत्रकाचं नाव काढलं अन ते परत साहेब झाले.

"ते माझ्या हातात नाही. क्रम वरून ठरतो. वरचे आधी, खालचे नंतर, सगळ्या तलावांना एकच."

"वर म्हणजे कोण, साहेब?"

"माझ्या वर नागपूर. नागपूरच्या वर मुंबई. पैसा दिल्लीचा."

"अन आमच्या तलावाची शेवटची बांधी कोणती, हे त्याच्यातल्या कोणाले माहीत आहे?"

साहेबानं पत्रक बाजूले सारलं. वाईट माणूस नव्हता तो. मग टेबलावर पुढं झुकून म्हणाले, "हे बघा, क्रम मी बदलू शकत नाही. पण मी कोणाच्या बांधीत जबरदस्तीनं पाणीही टाकत नाही. पहिल्या नंबरवाल्यानं आपली पाळी खालच्याला दिली, तर ते त्याचं अन गावाचं. तिथं माझी ऑर्डर पोचत नाही."

एसटीत वापस येताना हँडल माझ्या मांडीवर होतं, चांगलं जड. वच्छला म्हणाली, "पहिला नंबर तुह्या सासऱ्याचा. म्हणजे दिल्लीपासून फिरत फिरत गोष्ट तुह्या ओसरीवर आली."

"हाव ना," मी म्हटलं. "अन माझ्या ओसरीवर माझं चालत नाही."

"तुयंबी चालत नाही?" ती म्हणाली, अन पहिल्यांदा माझ्याकडं नीट पाहिलं.

संध्याकाळी तलावाच्या पाळीवर सभा बोलावली. ग्रामसेवक म्हणाले, ग्रामसभेले आधी नोटीस लागते. म्हटलं, लोंबीले नोटीस देऊ का थांब म्हणून? सगळं गाव आलं. साहेब काय म्हणाले ते मी सांगितलं. सगळ्यायनं हात वर केले, गावाची रीतच चालू द्या म्हणून. मधल्या बांधीवाल्यायनंही केले. "केशवभाऊ थांबला तर आम्ही कोण नाही म्हणणारे," असं भोजराज मेश्रामनं सगळ्यायच्या वतीनं सांगितलं. मग सगळ्या माना मामाजीकडं वळल्या. ते काठी टेकून उभे होते, हात खालीच.

मी समजावलं. गोडीनं समजावलं, मग चिडून समजावलं. आपल्या बांधीत पाझराची ओल आहे, दोन दिवस उशीर झाला तरी आपला धान जात नाही, असंही सांगितलं. ते तलावाकडं पाहात राहिले. मले वाटलं झालं, आता सगळं गाव म्हणणार का सरपंचीनचा सासराच आडवा आला. उद्या पंचायतीत कोणत्या तोंडानं बसणार होती मी?

तेव्हा वच्छला पुढं झाली. वाटलं आता तोंडाचा पट्टा सुटते. पण ती सावकाश बोलली.

"केशवभाऊ, दरवर्षी सव्वीस नोव्हेंबरले तुम्ही विहारात संविधानाचं पहिलं पान वाचता. मी बुंदी खायले येते, सगळ्यायले माहीत हाये. पण ऐकतेही. त्यात आम्ही लोक, असं येते. त्या आम्हीत शेवटच्या बांधीवाले येतात का नाही? तेवढं सांगा. नसतील येत तं मी घरी जाते, भांडत नाही."

मामाजीनं काठी एका हातातून दुसऱ्या हातात घेतली.

"येतात," ते म्हणाले. "येतात ना. तेच तर पहिले येतात."

मग माझ्याकडं वळले. "पण दामिनी, तू मले समजावून राहिली, ते बंद कर. मी समजावल्यानं ऐकणारा माणूस नाही. मी ऑर्डरनं ऐकणारा माणूस आहो. ग्रामसभेनं ठरवलं ना? मग सरपंचानं आदेश काढावा. सगळ्या गावाले ऐकू येईल असा. घरातल्या घरात सून सासऱ्याले सांगते तसा नाही."

इतकं बोलून ते चालायले लागले, घराकडं. लोकं मले म्हणाले, जा ना वो, काय पाहून राहिली!

मी पंचायतीत गेली, माईक सुरू केला. अन तोंड उघडलं तर आवाज फुटेना. कारण सांगते. तोवर मी सासऱ्याचं नाव कधी तोंडानं घेतलं नव्हतं. आमच्याकडं पद्धतच नाही. कोणी विचारलं तर 'मामाजी', नाही तर 'यायचे वडील'. निवडणुकीच्या अर्जावरसुद्धा मिस्टरायनं लिहिलं होतं. अन आता साऱ्या गावात, भोंग्यावरून? बाहेर आत्याबाई उभ्या होत्या. दरवाज्यातून त्यायनं हात हलवला, बोल म्हणून.

"ऐका हो ऐका," मी म्हटलं. आवाज कापत होता, खोटं कायले बोलू. "चिचटोला ग्रामसभेच्या ठरावानं कळवण्यात येते का, उद्या सकाळी तुडूम उघडल्यावर केशवराव सोमाजी गजभिये यायनं आपल्या बांधीचं तोंड बंद ठेवावं, अन शेवटच्या बांधीपासून सगळ्यायले पाणी पोचेपर्यंत पाट राखावा. हुकुमावरून, सरपंच, दामिनी अंकुश गजभिये."

घरी आली तेव्हा मामाजी ओसरीवर उभेच होते. बसले नव्हते. ऐकताना उभे राहिले असतील, तसेच.

"आवाज चांगला होता," ते म्हणाले. "पण आदेश देताना कापायचा नाही." अन आत जाऊन त्यायनं आपला पावडा शोधायले सुरुवात केली. पाटाची माती ओढायचं ते काम त्यायनं किती तरी वर्षात केलं नव्हतं. पावडा कुठं ठेवते, हेही त्यायले आत्याबाईले विचारावं लागलं.

सकाळी मी हँडल घातलं अन फिरवलं. गेट करकरलं, उचललं, अन पाणी पाटात आलं, गाळ घेऊन, काड्या घेऊन. मामाजीनं आमच्या बांधीच्या तोंडावर चिखल थापला होता, असा पक्का का मुंगीही जाणार नाही. पाणी आमच्या धानाच्या बाजूनं पुढं गेलं. त्यायनं एक वेळ आपल्या धानाकडं पाहिलं, अन मग पाटाच्या काठानं खाली चालायले लागले. मधात एका जागी पाट फुटला होता तिथं उतरले, गुडघ्यापर्यंत चिखलात. भोजराज धावत गेला तर त्याले म्हणाले, "तुह्या हद्दीत पाट फुटला का पाह्य, ही माझी ड्युटी आहे."

डबा घेऊन मी दुपारी गेली. ते मेडावर, म्हणजे बांधीच्या बांधावर, पाय सोडून बसले होते, पँट वर दुमडलेली. मी डबा उघडून दिला. भाकर तोडत म्हणाले, "पाणी खाली पोचलं. मी पाहून आलो. वच्छलाच्या भेगा अशा पाणी पिऊन राहिल्या होत्या, आवाज येत होता." अन स्वतःशीच हसले. इतक्या वर्षात त्यायले शेतात बसून हसताना मी पाहिलं नव्हतं. मले इतकं बरं वाटलं का काय सांगू.

पाणी वर चढत चढत आमच्यापर्यंत यायले दुसऱ्या दिवशीची दुपार टळली. मी पंचायतीतून सरळ शेतावर गेली. मामाजी पाटाजवळ उभे होते, पावडा हातात, पण आमच्या बांधीचं तोंड अजून बंदच. म्हटलं, आता कायची वाट पाहून राहिले?

तेवढ्यात पाटाच्या काठानं वच्छला येताना दिसली. पार खालून, सगळ्या बांध्या चढत. साडी खोचलेली, पाय मांडीपर्यंत चिखलानं माखलेले, खांद्यावर पावडा.

"सगळ्यायच्या भरल्या?" मामाजीनं विचारलं.

"भरल्या. एकेक पाहूनच आली. भोजराजची जराशी कमी होती, थांबून भरू दिली."

"तुही?"

"काठोकाठ, भाऊ." ती पुढं आली, अन मामाजी काही म्हणायच्या आत तिनं आमच्या बांधीच्या तोंडात पावडा घातला. वाळलेला चिखल एका घावात निघाला नाही. तिनं वाकून हातानं ओढला. पाणी आत शिरलं, आमच्या धानाच्या बुडात पसरायले लागलं.

"घ्या," ती म्हणाली अन हात पाटात धुतले. "आता तुमची पाळी."

मामाजीनं तिले हात जोडले. माझे डोळे भरून आले अन मी तोंड फिरवलं, पण वच्छलाले दिसायचं ते दिसलंच.

"रडू नको वो," ती म्हणाली. "पुढच्या निवडणुकीले मी तुह्याविरुद्ध उभी राहणारच हाये. पाणी देल्लं म्हणून सोडणार नाही."

"राहा ना," मी म्हटलं. "कोणं अडवलं?"

"अन या वेळी निवडून येते का नाही पाह्य."

"पाहू," मी म्हटलं, अन दोघीही हसलो. मग आम्ही तिघंही तिथंच मेडावर बसलो, अन आमची बांधी भरेपर्यंत कोणी उठलं नाही.